ल्युकेमिया म्हणजे नक्की काय, आणि रिपोर्टवर 'कॅन्सर' हा शब्द का नसतो

डोंबिवलीहून एका मुलाने विचारलंय की मामांच्या रिपोर्टवर 'क्रॉनिक मायलॉइड ल्युकेमिया' असं आलंय, डॉक्टर तोंडी ब्लड कॅन्सर म्हणाले, पण आख्ख्या रिपोर्टमध्ये कॅन्सर हा शब्द कुठेच नाही. मग ल्युकेमिया या शब्दाचा अर्थ काय, तो आला कुठून, रक्त खरंच पांढरं होतं का? आणि घरात आजी धरून बसलीये की लिहिलेलं नाही म्हणजे कॅन्सर नाही, तर तिला काय सांगायचं?

मी परळला रक्ताच्या आजारांचे स्मिअर (काचेवर पसरलेला रक्ताचा थेंब) आणि बोन मॅरो (हाडातला मगज) बघायचं काम बरीच वर्षं करतोय, त्यामुळे हा प्रश्न रिपोर्ट घ्यायला आलेल्या नातेवाइकांकडून काउंटरवर खूपदा ऐकलाय. जरा सविस्तरच लिहितो.

आधी आजीचं उत्तर, कारण ते लांबवून चालणार नाही. हो, ल्युकेमिया हा कॅन्सरच आहे, रक्त तयार करणाऱ्या पेशींचा कॅन्सर. हे नाव पावणेदोनशे वर्षांपूर्वीचं आहे आणि ते ठेवलं गेलं तेव्हा हा आजार नेमका कशामुळे होतो हे कोणालाच ठाऊक नव्हतं, डोळ्यांना जे दिसलं तेवढंच नावात आलं. कॅन्सरच्या कुटुंबात त्याला नंतर बसवलं, पण तोवर नाव रुळलं होतं, ते कोणी बदललं नाही. त्यामुळे रिपोर्टमध्ये कॅन्सर न लिहिण्यात लॅबने काही लपवलेलंही नाही आणि मामांना सूटही मिळालेली नाही. पण आजीला हेही लगेच सांगा की मामांना जो प्रकार आहे त्यावर आज रोज घ्यायची गोळी आहे आणि ती घेऊन माणसं वर्षानुवर्षं कामावर जातात. दोन्ही गोष्टी एकाच दमात सांगायच्या, पहिली सांगून थांबायचं नाही.

आता शब्द. ग्रीक भाषेत 'ल्युकॉस' म्हणजे पांढरा, स्वच्छ, चमकणारा, आणि 'हायमा' म्हणजे रक्त. दोन्ही जोडून 'पांढरं रक्त'. ल्युकॉसचं मूळ आणि आपल्या संस्कृतातल्या 'रुच्' धातूचं मूळ एकच आहे, रुच् म्हणजे चमकणं, रोचन त्यातूनच आलं, हे मला स्वतःला फार आवडतं. शेवटचा 'एमिया' तर तुम्ही रोज ऐकता, अॅनिमिया, युरेमिया, सेप्टिसेमिया, सगळीकडे तो रक्ताबद्दल बोलतो. काही रिपोर्टवर स्पेलिंगमध्ये ए आणि ई दोन्ही अक्षरं दिसतात, काहींवर नुसता ई, त्यावरून पण लोक घाबरून विचारतात की हे दोन वेगळे आजार का. नाही, पहिलं ब्रिटिश स्पेलिंग आहे, दुसरं अमेरिकन, बास.

आणि 'ल्युको' ऐकलं की कॅन्सर असं पण नाही हं. अंगावर कोड असतं त्याला ल्युकोडर्मा म्हणतात, बायकांना अंगावरून पांढरं जातं त्याला ल्युकोरिया, दोन्हीत ल्युको म्हणजे फक्त पांढरं, यांचा ल्युकेमियाशी काही संबंध नाही. मी मुद्दाम लिहितोय कारण सोनोग्राफीच्या किंवा स्किनच्या कागदावर असा शब्द वाचून रडत आलेल्या बायका मी बघितल्यात. तोंडात गालाच्या आत पांढरा चट्टा येतो तो ल्युकोप्लाकिया मात्र मनावर घ्या, तंबाखू-गुटखा खाणाऱ्यांत तो पुढे कॅन्सरकडे जाऊ शकतो, पण तो तोंडाचा, रक्ताचा नाही.

हे नाव पडलं कसं ते आता, आणि हे थोडं निवांत वाचा कारण तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर इथेच आहे.

१८२७ मध्ये पॅरिसला वेल्पो नावाच्या सर्जनने एका ६३ वर्षांच्या माणसाची नोंद केली, तो फुलं आणि लिंबाचं सरबत विकायचा. पोट फुगलेलं, लिव्हर आणि पानथरी (स्प्लीन) प्रचंड वाढलेली, आणि मेल्यावर रक्त बघितलं तर ते पेजेसारखं दाट. वेल्पोने एवढंच लिहून ठेवलं. त्या काळात रुग्णाचं रक्त मायक्रोस्कोपखाली बघायची पद्धतच रुळली नव्हती.

मग १८४५ साल, आणि त्या एकाच वर्षात दोन ठिकाणी दोन माणसं. एडिंबरोला जॉन ह्यूज बेनेट, त्याचा रुग्ण २८ वर्षांचा, घरांच्या छपरांवर पाट्या बसवायचं काम करणारा, डाव्या कुशीत गाठ लागायला लागली आणि ती महिनोन्महिने वाढत गेली. ती गाठ म्हणजे पानथरी. माणूस गेल्यावर बेनेटने रक्त मायक्रोस्कोपखाली बघितलं तर पूमध्ये दिसतात तशा पेशी खच्चून भरलेल्या. त्याने निष्कर्ष काढला की रक्तातच पू झालाय. त्या काळच्या ज्ञानाप्रमाणे यात वेडेपणा काही नव्हता, पू म्हणजे पांढऱ्या पेशीच असतात. पण एक गोष्ट जुळत नव्हती, पू झाला तर कुठेतरी जखम, गळू, काहीतरी उगम हवा ना, आणि या शरीरात तो सापडतच नव्हता.

त्यानंतर थोड्याच आठवड्यांत बर्लिनच्या शारिटे हॉस्पिटलमधून रुडॉल्फ विर्खोचा लेख आला. वय २४. त्याची रुग्ण एक पन्नाशीची स्वयंपाकीण, तिचीही पानथरी मोठी, रक्तात तेच दृश्य. विर्खो म्हणाला हा पू नाही. या पेशी रक्तात नेहमी असतातच, फक्त लाल आणि रंगहीन पेशींचं जे प्रमाण असतं ते उलटंपालटं झालंय. आणि कारण माहीत नसल्यामुळे त्याने नावात कारण घातलंच नाही, लेखाला नाव दिलं 'पांढरं रक्त', साध्या जर्मनमध्ये. दोन वर्षांनी, १८४७ मध्ये, त्याने त्याचंच ग्रीक रूप केलं, ल्युकेमी. बेनेटने १८५२ मध्ये स्वतःचा शब्द आणला, ल्युकोसायथेमिया, म्हणजे पांढऱ्या पेशींचं रक्त. खरं बघितलं तर तो जास्त अचूक होता पण जिभेला जड, तो टिकला नाही. पहिला कोण यावरून दोघांच्यात वादही झाला. माझं मत विचाराल तर आजार आधी छापला बेनेटने, पण तो काय आहे हे बरोबर ओळखलं विर्खोने, आणि माहीत नसलेलं कारण नावात न कोंबण्याचा त्याचा संयम मला आजही शिकवण्यासारखा वाटतो. 'रक्तातला पू' हे नाव चिकटलं असतं तर पुढची कित्येक वर्षं डॉक्टर पूचा उगम शोधत बसले असते.

१८४६ मध्ये लंडनला फुलर नावाच्या डॉक्टरने जिवंत रुग्णाच्या रक्ताचा थेंब मायक्रोस्कोपखाली बघून हे निदान केलं. आज सकाळी तुमच्या बोटातून किंवा दंडातून रक्त काढून काचेवर पसरतात त्याची सुरुवात इथली.

तर रक्त खरंच पांढरं होतं का? नाही. सुईतून येणारं रक्त लालच दिसतं, काउंट, म्हणजे पांढऱ्या पेशींचा आकडा, फारच चढला तर जरा फिकट, गढूळ वाटतं एवढंच. निरोगी माणसाच्या एका मायक्रोलिटर रक्तात लाल पेशी ४५-५० लाख असतात आणि पांढऱ्या ४ ते ११ हजार. रक्ताची ट्यूब मशीनमध्ये फिरवली की खाली लाल थर, वर पिवळसर प्लाझ्मा (रक्तातला पातळ भाग), आणि मधे पांढुरकी बारीक रेघ असते, आम्ही तिला बफी कोट म्हणतो. मामांसारख्या रुग्णात काउंट लाख-दोन लाखांवर जातो तेव्हा ती रेघ राहत नाही, जाड थर होतो. मृत्यूनंतर रक्त थरांत बसायचं तेव्हा त्या जुन्या डॉक्टरांना हेच दिसत होतं. आणि पांढऱ्या पेशी तशा पांढऱ्याही नसतात, रंगहीन असतात. काचेवर आम्ही लेशमन स्टेन ओततो तेव्हा त्यांचे जांभळे केंद्रक दिसायला लागतात. पेशींना रंग देऊन त्यांचे प्रकार वेगळे ओळखायची वाट पॉल एर्लिखने १८७० च्या दशकाच्या शेवटाला दाखवली, त्याशिवाय मामांच्या रिपोर्टवर मायलॉइड हा शब्द आलाच नसता.

इथे थोडं थांबून एक गोष्ट सांगतो, कारण मुंबईत पावसाळा आला की हा गोंधळ दर वर्षी होतो. डेंग्यू झाला की घरोघरी 'पांढऱ्या पेशी कमी झाल्या' म्हणतात, आणि बहुतेक वेळा त्यांना म्हणायचं असतं प्लेटलेट. प्लेटलेट वेगळ्या, पांढऱ्या पेशी वेगळ्या, डेंग्यूत दोन्ही कमी होऊ शकतात हे खरं, पण बोलताना सरमिसळ केली की पुढे निरोप चुकीचा जातो. ताप जाऊन आठ-पंधरा दिवस झाले, प्लेटलेट वर येत नाहीयेत, हिमोग्लोबिनही घसरतंय, हिरड्यांतून रक्त किंवा अंगावर काळेनिळे डाग, तर डेंग्यूच असेल म्हणून पपईच्या पानांचा रस देत बसू नका, स्मिअर बघायला सांगा. बहुतेकांचं काहीतरी साधंच निघतं. पण ज्याचं निघत नाही त्याचे ते दिवस वाया जाऊ नयेत.

याच्या उलटही सांगायला हवं. नावात पांढरं रक्त आहे म्हणून लोकांना वाटतं काउंट वाढला म्हणजे ल्युकेमिया आणि नॉर्मल आला म्हणजे सुटलो. दोन्ही चूक. न्यूमोनिया, गळू, स्टिरॉइड, कशानेही काउंट २०-२५ हजारांवर जातो, मोठ्या इन्फेक्शनमध्ये ५० हजारांच्याही वर जाऊ शकतो, आणि तो ल्युकेमिया नसतो. आणि काही ल्युकेमियात काउंट २ हजार असतो, बिघडलेल्या पेशी मॅरोमध्ये दाटलेल्या असतात आणि रक्तात जेमतेम दिसतात, त्याला चक्क अल्युकेमिक ल्युकेमिया म्हणतात, म्हणजे पांढरं रक्त नसलेलं पांढरं रक्त. नाव एका दृश्यावरून ठेवल्यामुळे ही पंचाईत झाली. म्हणून निदान आकड्यावर होत नाही, पेशी कोणती आणि तिच्यात काय बिघडलंय यावर होतं.

आता मामांच्या रिपोर्टमधले आधीचे दोन शब्द.

मायलॉइड. ग्रीक 'मायलॉस' म्हणजे हाडातला मगज, मॅरो. विर्खोच्या वेळी समज होता की या पेशी पानथरीतून किंवा लिम्फच्या गाठींतून येतात, कारण वाढलेलं तेच दिसायचं. १८६८ मध्ये कोनिग्सबर्गच्या अर्न्स्ट नॉयमनने दाखवलं की रक्तपेशी तयार होतात हाडांच्या मॅरोत, आणि पुढे दोनच वर्षांत ल्युकेमियाचाही उगम तिथे असल्याचं मांडलं. म्हणून मामांना कंबरेच्या हाडातून मॅरो काढायला सांगितली असेल. पाठीच्या कण्यातून पाणी काढतात ते वेगळं, त्या भीतीने पुष्कळ लोक टेस्टच टाळतात. मायलॉइड म्हणजे मॅरोतली जी शाखा न्यूट्रोफिल वगैरे पांढऱ्या पेशी बनवते तिथला बिघाड, आणि लिम्फॉइड किंवा लिम्फोब्लास्टिक म्हणजे लिम्फोसाइट नावाच्या दुसऱ्या पांढऱ्या पेशींच्या शाखेतला.

क्रॉनिक. या शब्दाने आपल्याकडे फार नुकसान केलंय. क्रॉनिक म्हटलं की घरच्यांना वाटतं जुनाट, खोलवर गेलेला, हाताबाहेरचा, आणि अॅक्यूट म्हणजे आत्ताच झालेला, म्हणून बरा होईल. ल्युकेमियात हे शब्द वेगासाठी आहेत. औषध नव्हतं त्या काळात अॅक्यूटवाला रुग्ण आठवड्यांत किंवा थोड्या महिन्यांत जायचा, क्रॉनिकवाला काही वर्षं काढायचा. आज क्रॉनिक मायलॉइडमध्ये आपण घाबरून सैरावैरा धावण्याची गरज नसते, अॅक्यूटमध्ये मात्र त्याच दिवशी अॅडमिट व्हावं लागू शकतं. आणि अॅक्यूट असूनही लहान मुलांचा लिम्फोब्लास्टिक ल्युकेमिया योग्य ट्रीटमेंटने मोठ्या संख्येने पूर्ण बरा होतो, हे मुलांच्या आईबापांना मी आवर्जून सांगतो.

रिपोर्टमध्ये खाली 'ब्लास्ट' असंही लिहिलेलं असेल, त्यापुढे टक्के. तो स्फोटवाला ब्लास्ट नाही. ग्रीक 'ब्लास्टॉस' म्हणजे अंकुर, कोंब, म्हणजे पूर्ण न वाढलेली कोवळी पेशी. त्या मॅरोत थोड्या असतातच, त्यांचं प्रमाण २० टक्के किंवा वर गेलं की साधारण अॅक्यूट ल्युकेमिया म्हणतात. मामांचे ब्लास्ट २-३ टक्के असतील तर ते क्रॉनिक फेजला, म्हणजे आजाराच्या संथ टप्प्याला, धरून आहे.

विर्खोने जे कारण रिकामं सोडलं होतं ते मामांच्याच प्रकारात सगळ्यात आधी सापडलं. १९६० मध्ये फिलाडेल्फियात नोवेल आणि हंगरफर्ड यांना या रुग्णांच्या पेशींत एक गुणसूत्र नेहमीपेक्षा छोटं दिसलं, त्याला फिलाडेल्फिया क्रोमोसोम नाव पडलं. १९७३ मध्ये शिकागोच्या जॅनेट राउली यांनी दाखवलं की ते नुसतं तुटलेलं नाही, नवव्या आणि बाविसाव्या गुणसूत्राचे तुकडे आपापसांत बदललेत. त्या जोडावर बीसीआर-एबल नावाचा जीन तयार होतो आणि तो पेशीला 'वाढत राहा' असा हुकूम सोडत राहतो, थांबतच नाही. हा बदल जन्मानंतर मॅरोतल्या एका पेशीत होतो, मामांच्या मुलांना तो वारशात जात नाही. २००१ मध्ये इमॅटिनिब ही गोळी आली, ती नेमका हाच हुकूम बंद करते. आपल्याकडे जेनेरिक कंपन्यांची मिळते म्हणून परवडते, तिच्या पेटंटचा निकाल सुप्रीम कोर्टाने १ एप्रिल २०१३ ला दिला, पेटंट नाकारलं. त्या निकालाचं मोल किती ते आमच्या ओपीडीच्या रांगेत उभं राहिल्यावर समजतं.

मुंबईचा या आजाराशी जुना संबंध आहे, आणि तो इथल्याच लोकांना माहीत नसतो याचं वाईट वाटतं. सर दोराबजी टाटांच्या पत्नी लेडी मेहेरबाई टाटा १९३१ मध्ये ल्युकेमियानेच गेल्या, १९३२ मध्ये त्यांच्या नावाने ट्रस्ट झाला तो ल्युकेमियावरच्या संशोधनाला आजही पैसे देतो, आणि २८ फेब्रुवारी १९४१ ला परळला टाटा मेमोरियल हॉस्पिटल सुरू झालं, ज्यामुळे 'टाटाला नाव घातलंय' हे वाक्य महाराष्ट्रातल्या गावागावात पोचलं.

दुसरी गोष्ट गिरणगावची. १९२८ मध्ये लूसी विल्स नावाची इंग्रज डॉक्टर मुंबईत आली, गिरणीत काम करणाऱ्या गरोदर बायकांना भयंकर अॅनिमिया का होतो ते शोधायला. यीस्टच्या अर्कातलं काहीतरी दिलं की त्या बऱ्या होतात हे तिला सापडलं, तेच पुढे फॉलिक अॅसिड म्हणून ओळखलं गेलं. बॉस्टनला सिडनी फार्बर या डॉक्टरने विचार केला की फॉलिक अॅसिडने रक्त वाढतं, तर त्याला अडवणारं औषध दिलं तर ल्युकेमियाच्या पेशी थांबतील का? तशी औषधं अमेरिकेतल्या लेडर्ले या औषध कंपनीत आपल्या आंध्रच्या येल्लाप्रगडा सुब्बाराव यांच्या टीमने बनवली. १९४८ मध्ये फार्बरने छापलं, १६ मुलांपैकी १० जणांना सुधारणा झाली, तात्पुरती, पण त्याआधी मुलांमधला हा आजार औषधाने असा मागे हटल्याचं कोणी बघितलं नव्हतं. त्याच घराण्यातलं मेथोट्रेक्सेट आजही मुलांच्या ल्युकेमियात रोज वापरतो. परळ-लालबागच्या बायकांच्या रक्तापासून सुरू झालेला धागा आहे हा, मला तो सांगताना दर वेळी भरून येतं.

आणि अगदी अलीकडचं, आयआयटी बॉम्बे आणि टाटा मेमोरियल यांनी मिळून बनवलेली नेक्सकार१९ ही कार-टी थेरपी, ऑक्टोबर २०२३ मध्ये तिला मान्यता मिळाली आणि ४ एप्रिल २०२४ ला पवईला राष्ट्रपतींच्या हस्ते सुरू झाली. रुग्णाच्याच टी पेशी काढून त्यांना बिघडलेल्या बी पेशी (दोन्ही लिम्फोसाइटचेच प्रकार) ओळखायला तयार करून परत देतात. मामांच्या प्रकाराला ती लागत नाही, ती बी पेशींच्या ल्युकेमियासाठी आणि लिम्फोमासाठी (लिम्फच्या गाठींचा कॅन्सर), इतर उपचारांना दाद न देणाऱ्यांना. कोणी फोन करून 'ती नवीन थेरपी का देत नाही' म्हणालं तर हे सांगा.

मामांसाठी आता एवढं बघा. बीसीआर-एबलचा रिपोर्ट आलाय का ते विचारा, त्याशिवाय क्रॉनिक मायलॉइड पक्कं होत नाही, आणि तो मूळ रिपोर्ट, सीबीसी (रक्तपेशींची मोजणी), मॅरोचा रिपोर्ट एकाच फाइलमध्ये तारखेप्रमाणे लावून ठेवा, त्याचे मोबाइलमध्ये फोटोही. गोळी सुरू झाली की जेवणाबरोबर, ग्लासभर पाण्यासोबत, रोज ठरलेल्या वेळी. सुरुवातीला मळमळ, डोळ्यांखाली सूज, पायात गोळे येऊ शकतात, त्यासाठी डॉक्टरांना फोन करायचा, स्वतःहून डोस अर्धा करायचा नाही. दोन-तीन महिन्यांत काउंट नॉर्मल येईल, पानथरी उतरेल, पोट हलकं वाटेल, आणि नेमकं तेव्हाच लोक गोळी सोडतात की आता बरं वाटतंय. काउंट नॉर्मल आला म्हणजे तो जीन गेला असं नाही. दर तीन महिन्यांनी बीसीआर-एबलची मोजणी करायची, शक्यतो एकाच लॅबमधून म्हणजे आकडे एकमेकांशी लावून बघता येतात, आणि तो आकडा उतरतोय की नाही यावर पुढचं सगळं ठरतं. पुढचा रिपोर्ट आला आणि काही कळलं नाही तर त्यातले ब्लास्टचे टक्के, प्लेटलेट आणि बीसीआर-एबलचा आकडा लिहून पाठवा, मामांचं नाव, केस नंबर काढून टाका.